स्पेनचे मूकपट आणि अब्रूचा मामला : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्पेनचा जुना सिनेमा म्हटलं की लोक दिग्दर्शक लुइस बुन्युएलचं नाव घेतात आणि मग गप्प होतात. त्याच्या आधीही तिथे तीस-पस्तीस वर्षं सिनेमा बनत होता. त्यात रडारड होती, खून होते, सावकार होते, घराबाहेर काढलेल्या बायका होत्या. मी हे चित्रपट हौसेने पाहतो, मित्रांना बळेबळे दाखवतो, आणि दर वेळी तेच ते प्रश्न येतात. म्हणून ही उत्तरं एकदाची लिहून ठेवली.

मूकपटांचा काळ म्हणजे नेमका कधीपासून कधीपर्यंत?

१८९६ ते १९३०, असं धरून चाला. मे १८९६च्या मध्यावर ल्युमिएर बंधूंचा माणूस, अलेक्सांद्र प्रोमिओ, माद्रिदच्या कारेरा दे सान हेरोनिमो रस्त्यावरच्या हॉटेल रुसियामध्ये हलती चित्रं दाखवायचं यंत्र घेऊन आला. त्याच्या दोन-चार दिवस आधी एडविन राउसबी नावाच्या गृहस्थाने तिथल्याच पारिश सर्कशीत दुसऱ्या बनावटीच्या यंत्रावर हलती चित्रं दाखवली होती, म्हणजे पहिलेपणाचा मान थोडक्यात हुकला. आपल्याकडे मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएरचा खेळ झाला ७ जुलै १८९६ला. माद्रिद आणि मुंबई यांत अंतर जेमतेम दोन महिन्यांचं. युरोप पुढे आणि आपण मागे असं समजणाऱ्यांनी ही तारीख लक्षात ठेवावी.

शेवट मात्र तारखेने दाखवता येत नाही. जानेवारी १९३०मध्ये बुर्गोस शहरात फ्रान्सिस्को एलियासचा 'एल मिस्तेरियो दे ला पुएर्ता देल सोल' हा पहिला स्पॅनिश बोलपट लागला, पण थिएटरांकडे आवाजाची यंत्रंच नव्हती, तेव्हा तो पाहणार कोण आणि ऐकणार कोण? मूकपट त्याच वर्षी अजून बनत होते. आणि त्यातलाच एक सर्वांत चांगला निघाला. त्याच्याकडे पुढे येतोच.

पहिला स्पॅनिश चित्रपट कोणता?

पाठ्यपुस्तकी उत्तर : सारागोसाच्या पिलार चर्चमधून बाराची प्रार्थना आटोपून बाहेर पडणारे लोक, घेणारे हिमेनो पितापुत्र. वर्षानुवर्षं याची तारीख ऑक्टोबर १८९६ सांगितली गेली. पुढे अभ्यासकांनी कागदपत्रं तपासली तेव्हा ती १८९७ निघाली आणि 'पहिला' हा किताब डळमळला.

मला त्या फिल्मपेक्षा तिच्या पुढच्या रविवारची गोष्ट आवडते. पहिल्या वेळी लोक आपले नेहमीसारखे बाहेर पडले. कॅमेरा काय असतो हेच बहुतेकांना ठाऊक नव्हतं. आठवड्याभराने हिमेनो पुन्हा तिथेच उभे राहिले, तोवर गावभर बातमी झाली होती. आता लोक टोप्या काढून कॅमेऱ्याला नमस्कार करू लागले. त्या फिल्मचं नावच पडलं 'सालुदोस', म्हणजे नमस्कार. सात दिवसांत अख्खं गाव नटांचं झालं.

आणि पहिला कथापट?

'रिन्या एन उन काफे', म्हणजे कॅफेतली मारामारी. साल १८९७, बार्सेलोनाचा सान्त्स भाग. करणारा फ्रुक्तुओस जेलाबेर्त. मूळचा सुतारकामातला माणूस, लाकडी फर्निचर बनवणारा. त्याने कॅमेरासुद्धा स्वतःच्या हातांनी जुळवला. गोष्ट एवढीच की कॅफेत दोघे जण एका बाईवरून भांडतात, हातघाईवर येतात. जेलाबेर्त स्वतः त्यात होता. मूळ फिल्म हरवली. म्हातारपणी, १९५२मध्ये, त्याने तीच मारामारी पुन्हा उभी करून चित्रित केली. आज जे पाहायला मिळतं ते हे दुसरं. पंचावन्न वर्षांनी स्वतःच्या तरुणपणाची नक्कल करणारा माणूस म्हणून ती फिल्म पाहा, जास्त भिडते.

प्रत्येक गोष्टीत अब्रूचाच प्रश्न का असतो?

हा प्रश्न मला फार आवडतो, कारण 'अब्रू' हा शब्द आपल्याला समजावून सांगावा लागत नाही. इंग्रजी वाचकाला स्पॅनिश नाटकातला 'ओनोर' काय ते कळण्यासाठी तळटीप लागते. आपण 'चारचौघांत नाक कापलं गेलं' म्हणालो की विषय संपला.

कारण सरळ आहे. सिनेमाला गोष्टी हव्या होत्या आणि स्पेनच्या रंगभूमीकडे तीनशे वर्षांचा साठा होता. त्या साठ्याच्या मध्यभागी बसलाय काल्देरोन, सतराव्या शतकातला. त्याच्या 'एल अल्काल्दे दे सालामेआ' या नाटकात पेद्रो क्रेस्पो हा खाऊनपिऊन सुखी शेतकरी आहे. घरात उतरलेला फौजेतला कप्तान त्याच्या मुलीवर, इसाबेलवर, बलात्कार करतो. क्रेस्पो आधी त्या कप्तानापुढे गुडघे टेकतो, सगळी मालमत्ता घे पण पोरीशी लग्न कर म्हणतो. कप्तान हसून उडवतो. मधल्या काळात क्रेस्पोची गावचा अल्काल्दे, म्हणजे न्यायनिवाडा करणारा प्रमुख, म्हणून निवड झालेली असते. मग हातातल्या काठीच्या अधिकाराने तो कप्तानाला धरतो आणि फाशी देऊन मोकळा होतो. राजा येतो, पाहतो, आणि न्याय बरोबर झाला म्हणतो. क्रेस्पोचं प्रसिद्ध बोलणं असं : मालमत्ता आणि जीव राजाला द्यावा, पण अब्रू ही आत्म्याची मिळकत, आणि आत्मा फक्त देवाचा.

आता गंमत बघा. १९१४मध्ये आद्रिया ग्वाल या बार्सेलोनाच्या नाटकवाल्याने याचा मूकपट केला. ज्या नाटकाचा जीव बोलण्यात, त्याचं बोलणंच काढून घेतलं! ते भाषण दृश्यांच्या मध्ये दाखवायच्या पाटीवर लिहिलं तर लोक वाचेपर्यंत नटाचा चेहरा गेलेला, आणि नाही लिहिलं तर नुसता एक म्हातारा हात हलवताना दिसणार. ग्वाल हुशार माणूस होता, रंगभूमीवर त्याने नवं खूप काही आणलं होतं, पण बार्सिनोग्राफो नावाच्या ज्या कंपनीसाठी त्याने हे आणि आणखी काही चित्रपट केले तिथे त्याचा मुक्काम फार टिकला नाही. पैसा सुटला नाही.

जेलाबेर्तने त्याच्या आधीच जास्त शहाणपणाने नाटकं निवडली होती. आंजेल गिमेरा या कातालान नाटककाराचं 'तेर्रा बाइशा' त्याने १९०७मध्ये पडद्यावर आणलं, 'मारिया रोसा' १९०८मध्ये. 'तेर्रा बाइशा'त डोंगरावरचा धनगर मानेलिक याला जमीनदार खाली बोलावतो आणि मार्ताशी त्याचं लग्न लावून देतो. खरं तर मार्ता जमीनदाराने ठेवलेली, लग्न हा नुसता आडोसा. भोळ्या मानेलिकला ते उमगतं तेव्हा तो ज्या हातांनी लांडगे मारत आला त्याच हातांनी मालकाला मारतो आणि बायकोला घेऊन डोंगरात परत जातो. यात बोलण्यापेक्षा करणं जास्त आहे. डोंगर आणि खालचा मुलूख, धनगर आणि मालक, लांडगा आणि माणूस : हे डोळ्यांना कळतं. मूकपटाला असलीच नाटकं मानवतात.

तिसरी जात दंतकथांची. रिकार्दो दे बान्योसने १९१२मध्ये तेरुएलच्या प्रेमिकांची कथा केली. दिएगोला श्रीमंत होऊन यायला पाच वर्षांची मुदत मिळते. तो येतो तो नेमका इसाबेलचं दुसऱ्याशी लग्न झाल्यावर. एक चुंबन दे म्हणतो, ती परस्त्री झालेली, देत नाही, तो जागीच मरतो. अंत्यविधीच्या वेळी ती त्याच्या प्रेताचं चुंबन घेते आणि तिथेच कोसळते. म्हणजे इथेही तेच. जिवंत माणसाला दिलं तर अब्रू जाते, मेलेल्याला दिलं तर जीव जातो.

बार्सेलोनाच का? राजधानी तर माद्रिद होती.

कापडगिरण्या, बंदर, हाताशी पैसा आणि पॅरिसला जाणारी आगगाडी. कच्ची फिल्म, यंत्रं, तंत्रज्ञ, सगळं फ्रान्समधून यायचं. पहिल्या महायुद्धात स्पेन तटस्थ राहिला, फ्रान्स-इटलीच्या कंपन्या अडचणीत आल्या, आणि बार्सेलोनाच्या निर्मात्यांना वाटलं आता मैदान आपलंच. इस्पानो फिल्म्सचा आल्बेर्तो मार्रो याने १९१५मध्ये 'बार्सेलोना इ सुस मिस्तेरियोस' ही आठ भागांची मालिका काढली. तुरुंग, सूड, वेषांतर, पुढच्या आठवड्यात काय होणार याची हुरहुर. टीव्ही मालिकांचे पूर्वज शोधत असाल तर इथे भेटतील. युद्ध संपलं, अमेरिकन चित्रपटांचा लोंढा आला आणि बार्सेलोनाचा हा बहर ओसरला. विशीच्या दशकात कारभार माद्रिदकडे सरकला.

व्हालेन्सियालाही विसरू नका. तिथे आन्तोनियो कुएस्ता नावाच्या दुकानदाराच्या कंपनीसाठी आंजेल गार्सिया कार्दोनाने १९०६मध्ये 'एल सिएगो दे आल्देआ' केला, गावातल्या आंधळ्याची छोटीशी गोष्ट. काही मिनिटांचा मामला, पण सुदैवाने तो शिल्लक आहे.

सेगुंदो दे चोमोनबद्दलही लोक विचारतात. तो याच तेरुएलचा, १८७१चा जन्म, युक्तीच्या दृश्यांचा जादूगार. सामान आपोआप उलगडणारं ते 'विजेचं हॉटेल' (१९०८) त्याचंच. पण त्याची कारकीर्द मुख्यतः पॅरिस आणि तुरिनमध्ये घडली, आणि नाट्यपट, म्हणजे अशा रडारडीच्या, अब्रूच्या गोष्टी सांगणारा चित्रपट, हा त्याचा प्रांत नव्हे. इटलीच्या 'काबिरिया'त (१९१४) मात्र कॅमेरा चाकांवर सरकवण्याचं काम त्याने केलं, ते जगभरच्या नाट्यपटांना कायमचं उपयोगी पडलं.

मूकपट खरोखर मूक असायचे का?

अजिबात नाही. कदाचित आजच्या मल्टिप्लेक्सपेक्षा जास्त गोंगाट असायचा.

आधी 'एस्प्लिकादोर' घ्या. पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट समजावून सांगणारा माणूस. अक्षरओळख नसलेला प्रेक्षक मोठा, त्यामुळे पाट्या दाखवून काय उपयोग? शिवाय सुरुवातीला लोकांना दृश्यांची जोडणीच कळत नसे : आत्ता खोलीत असलेला माणूस एकदम रस्त्यावर कसा, मधला जिना कुठे गेला? एस्प्लिकादोर तो जिना शब्दांनी बांधून द्यायचा. सारागोसात वाढलेल्या बुन्युएलने आपल्या आठवणींत या माणसाबद्दल लिहिलंय. कॅमेरा पडद्यावरच्या चेहऱ्याकडे पहिल्यांदा सरकला तेव्हा तो चेहरा अंगावर येतोय असं वाटून लोक घाबरले, हेही त्यानेच सांगितलंय. आपल्याकडचे चित्रकथी पोथीतलं एकेक चित्र समोर धरून रामायण सांगायचे. काम तेच, फक्त चित्रं हलायला लागली.

दुसरं, संगीत. यात स्पेनने कमालच केली. 'सार्सुएला' हा तिथला गाण्यांचा आणि गद्य संवादांचा नाट्यप्रकार; आपल्या संगीत नाटकाचा दूरचा भाऊ म्हणा, फक्त रागदारी नाही आणि नांदी नाही. विशीच्या दशकात मूकपटवाल्यांनी एकामागून एक सार्सुएला उचलल्या. गाण्यांचं नाटक, आणि पडद्यावर आवाज नाही! होसे बुक्सने १९२१मध्ये 'ला व्हेर्बेना दे ला पालोमा' केला. तोमास ब्रेतोनचं १८९४चं संगीत, जे माद्रिदच्या शेंबड्या पोरालाही पाठ. थिएटरात खाली वाद्यवृंद ते वाजवायचा, आणि पडद्यावर नायक तोंड उघडायचा तेव्हा चाल कानात असायचीच. 'सौभद्र'चा मूकपट लावलाय आणि प्रेक्षकच पदं गुणगुणताहेत अशी कल्पना करा. चालला असता की नाही? तिथे तर धो धो चालला.

आणि तिसरं, माझं लाडकं : गाणाऱ्या बायका. राकेल मेयेर ही आधी गायिका, 'कुप्ले' नावाच्या चटकदार गाण्यांची राणी. १९१९पासून ती पडद्यावर, मुकी. कोन्चा पिकेर, पुढे सगळ्या स्पेनने जिची गाणी म्हटली ती, बेनितो पेरोखोच्या १९२७च्या चित्रपटात मुकी. इम्पेरियो आर्खेन्तिना, गाणारी-नाचणारी, त्याच साली फ्लोरियान रेच्या 'ला एर्माना सान सुल्पिसियो'त मुकी. तीन गळे आणि तिघींनाही आवाज नाही. म्हणजे 'मूकपटातून बोलपटात जाताना नट कोसळले' ही जी हॉलिवूडची कहाणी आपण ऐकतो ती या तिघींना लागू पडत नाही. पिकेर आणि आर्खेन्तिना यांचं खरं राज्य तर आवाज आल्यावरच सुरू झालं. कोन्चा पिकेरचं तर आणखी पुढचं. १९२३मध्ये न्यूयॉर्कला ली द फॉरेस्ट या अमेरिकन संशोधकाच्या प्रायोगिक ध्वनियंत्रापुढे पंधरा-सोळा वर्षांची ही मुलगी गायली होती. ती छोटी फिल्म वॉशिंग्टनच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये २०१०मध्ये सापडली. बोलपट देशात येण्याआधीच तिचा आवाज फिल्मवर उतरला होता आणि देशात कुणाला पत्ता नव्हता.

बायकांनी दिग्दर्शन केलं का?

केलं. नटी एलेना होर्दीने १९१८मध्ये 'ताइस' केला. नर्तकी एलेना कोर्तेसिनाने त्यानंतर 'फ्लोर दे एस्पान्या'. दोन्ही हरवले. नावं आणि जाहिराती उरल्या, चित्र नाही. फ्रेंच नटी म्युझिदोरा विशीच्या सुरुवातीला स्पेनमध्ये येऊन राहिली, तिने तिथे 'सोल इ सोम्ब्रा' (१९२२) आणि 'ला तिएर्रा दे लोस तोरोस' (१९२४) केले. तिचं काम पाहता येतं.

मोठ्या रंगभूमीवरची मार्गारिता शिर्गू, जिने पुढे लोर्काच्या नाटकांना आवाज दिला, तीही १९१५च्या सुमारास बार्सिनोग्राफोच्या काही मूकपटांत आहे.

बैल, पंखे, लाल फूल... हे सगळं खरं स्पेन आहे का?

याला तिथलेच लोक 'एस्पान्योलादा' म्हणतात आणि म्हणताना तोंड वाकडं करतात. परक्यांना हवा असतो तसा स्पेन : कंबरेवर हात ठेवलेली जिप्सी, चाकू, बुलफायटर. आपल्याकडे परदेशी कॅमेरे आले की हत्ती आणि गारुडी शोधतात, तसलंच.

पण एक गुंता आहे. हा माल फक्त परके बनवत नव्हते. कादंबरीकार ब्लास्को इबान्येस, व्हालेन्सियाचा, कट्टर राजेशाहीविरोधक, याने आपल्याच 'सांग्रे इ आरेना' (रक्त आणि वाळू) या १९०८च्या कादंबरीवर १९१६मध्ये स्वतः चित्रपट केला, सहदिग्दर्शक माक्स आंद्रे. गरीब घरातून वर आलेला बुलफायटर हुआन गायार्दो, घरी साधी बायको, बाहेर उमराव घराण्यातली दोन्या सोल, आणि शेवट रिंगणात. सहा वर्षांनी हॉलिवूडने रुडॉल्फ व्हॅलेंटिनोला घेऊन हीच गोष्ट केली आणि जगाला तीच लक्षात राहिली. दोन्ही लागोपाठ पाहा. अमेरिकन चित्रपटात नायक देखणा. स्पॅनिश चित्रपटात रिंगणाभोवतीची गर्दी देखणी. लेखकाला माहीत होतं की बैलापेक्षा भयंकर जनावर ते आहे.

एकच चित्रपट पाहायचा तर कोणता?

'ला आल्देआ माल्दिता', शापित गाव. फ्लोरियान रे, १९३०.

रे हे टोपणनाव. खरा आन्तोनियो मार्तिनेस देल कास्तियो, जन्म १८९४, सारागोसाजवळच्या ला आल्मुनिया दे दोन्या गोदिना गावचा. आधी पत्रकार, मग नट, मग दिग्दर्शक.

गोष्ट कास्तियामधल्या लुहान गावाची. पीक हातातून जाण्याची ही पहिली वेळ नाही; वर्षामागून वर्ष असंच. या वेळी वादळाने उभं शेत झोपवलं. शेतकरी हुआन, बायको आकासिया, तान्हा मुलगा, आंधळा म्हातारा बाप. गावात धान्य आहे ते फक्त सावकार लुकासकडे. हुआन त्याच्या अंगावर जातो आणि गजाआड होतो. त्याच सुमारास गाव उठतं. गाड्या भरल्या जातात, त्यांच्यावर गाद्या, खुर्च्या, कोंबड्यांचे खुराडे, वर म्हाताऱ्या. एकामागून एक गाड्या दगडी गल्लीतून खाली उतरतात आणि हुआन तुरुंगाच्या गजांतून आपलं गाव आपल्यासमोरून जाताना बघतो. सेगोव्हिया प्रांतातल्या पेद्रासासारख्या खऱ्याखुऱ्या जुन्या गावांत हे चित्रित केलंय. स्टुडिओतला दगड आणि तीनशे वर्षं पायांनी गुळगुळीत झालेला दगड यांतला फरक कॅमेरा लपवत नाही.

मैत्रिणीच्या नादाने आकासिया शहराकडे जाते. पोर मात्र आंधळ्या सासऱ्यापाशीच राहतं. म्हातारा त्याला सोडत नाही. काही वर्षांनी हुआन चांगल्या नोकरीला लागलेला असतो आणि एका गुत्त्यात त्याला आकासिया भेटते, नको त्या अवस्थेत. तो तिला मारत नाही. घरी आणतो. कारण? म्हाताऱ्या बापाला कळता कामा नये. सून घरात आहे, घराण्याची अब्रू शाबूत आहे, असं त्या आंधळ्याला वाटत राहिलं पाहिजे. अट एकच : मुलाला हात लावायचा नाही.

या मधल्या भागात रेने जे केलंय ते मला आजही अवघड वाटतं. एका घरात चार माणसं. एकाला दिसत नाही, एकाला सांगायचं नाही, एकीला स्पर्श करायचा नाही, आणि पोराला काहीच माहीत नाही. आकासिया मुलाच्या जवळून जाते तेव्हा तिचे हात स्वतःलाच धरून ठेवतात. कार्मेन व्हियान्सेने ही भूमिका केली आहे, आणि ती जवळजवळ काहीच 'करत' नाही. त्या काळच्या नट्या डोळे फिरवायच्या, छातीवर मूठ मारायच्या. ही नुसती उभी राहते.

म्हातारा मरतो. नाटकाची गरज संपते. हुआन तिला घराबाहेर काढतो. ती भटकत भटकत, भान हरपून, त्या ओसाड पडलेल्या गावात जाते. शेवटी हुआन तिला शोधतो तेव्हा ती रिकामा पाळणा हलवत बसलेली असते. मग तो क्षमा करतो.

माझ्या आईला मी हा चित्रपट दाखवला, संगीत बंद करून. तिला पाट्यांतलं स्पॅनिश कळायचं कारण नव्हतं, मी मध्ये मध्ये सांगत होतो, म्हणजे एस्प्लिकादोरच झालो होतो. पाळण्याच्या दृश्यानंतर ती एवढंच म्हणाली, "क्षमा कसली? मागायची त्याने होती." मी यावर पुष्कळ लेख वाचलेत. एवढ्या थोडक्यात कुणी पकडलं नाही.

हा 'सावकारी पाश'सारखा आहे का?

हे मराठी माणसाच्या मनात येणारच. बाबूराव पेंटरांचा 'सावकारी पाश', कोल्हापूरची महाराष्ट्र फिल्म कंपनी, १९२५. नारायण हरी आपट्यांची कथा, तरुण शेतकरी व्ही. शांताराम. सावकार जमीन गिळतो, शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. 'आल्देआ'च्या पाच वर्षं आधीचा. दोघांचा एकमेकांशी संबंध जोडायची गरज नाही. बुडणारी पिकं आणि सावकार दोन्ही मुलखांत होते, तेवढं पुरे. दोघांनीही पुढे आपापला चित्रपट आवाजासह पुन्हा केला, पेंटरांनी १९३६मध्ये, रेने १९४२मध्ये. पेंटरांचा मूकपट आज पाहायला मिळत नाही. झोपडीजवळ रडणाऱ्या कुत्र्याचं त्यातलं दृश्य चित्रपट-निर्माते जे. बी. एच. वाडियांनी वर्षानुवर्षं लक्षात ठेवलं, त्यावरून अंदाज करायचा. ज्या चित्रपटाला आवाजच नाही त्यातलं कुत्र्याचं रडणं माणसाला आठवत राहतं!

फरक म्हणाल तर 'आल्देआ'मध्ये सावकार अर्ध्यातच मागे पडतो. भुकेने सुरू झालेला चित्रपट बायकोच्या पावित्र्यावर येऊन बसतो. मला हे खटकतं. ज्याने गाव उठवलं त्याला कुणी जाब विचारत नाही, आणि जी पोटासाठी बाहेर पडली तिचा निवाडा होतो.

बुन्युएलचा 'उन शिएँ आन्दालू' यात का नाही?

१९२९चा तो मूकपटच, पण पॅरिसमध्ये बनलेला, आणि ज्याला आपण इथे नाट्यपट म्हणतोय त्याची टर उडवणारा. बुन्युएल स्वतः दिग्दर्शक जाक फेदेरच्या 'कार्मेन'मध्ये (१९२६) एका चोरट्या व्यापाऱ्याच्या छोट्या भूमिकेत दिसतो. नायिका वर सांगितलेली राकेल मेयेर.

किती चित्रपट उरलेत?

थोडे. दहातला एखादा, असं अभ्यासक साधारणपणे सांगतात.

त्या काळची फिल्म नायट्रेटची, म्हणजे बंदुकीच्या दारूची चुलत बहीण. पेटली की विझत नाही, पाण्याखालीही जळते. २७ मे १९१२ला व्हिला-रेआल गावात सिनेमाच्या खेळात फिल्मने पेट घेतला, साठाहून अधिक माणसं गेली. नाही पेटली तरी कुजते : आधी चित्र फिकं होतं, मग रीळ चिकट होऊन एकमेकाला धरतं, वर बुडबुडे येतात, शेवटी डबा उघडला तर आत तपकिरी भुकटी. १९४५मध्ये माद्रिदच्या रिएरा प्रयोगशाळेला आग लागली, त्यात कितीतरी निगेटिव्ह जळाल्या. त्याशिवाय आगीबिगीची वाट न पाहता लोकांनी स्वतःच रिळं विकली, कारण फिल्ममधली चांदी काढता येते. बोलपट आल्यावर मुक्या चित्रपटाची किंमत तेवढीच राहिली.

'आल्देआ'चंच बघा. मूकपट बनला, पण काळ बदलताना पाहून पॅरिसला आवाज जोडलेली दुसरी आवृत्ती तयार केली गेली. पॅरिसला ती चालली, कौतुक झालं. आज आवाजाची आवृत्ती हरवली आहे आणि मूक आवृत्ती शिल्लक. 'जुनं' म्हणून जे बाजूला ठेवलं तेच टिकलं.

सेन्सॉर होता?

नोव्हेंबर १९१२च्या शाही हुकमाने चित्रपट आधी तपासायला देणं सुरू झालं. पुढे माद्रिदमध्ये तर अंधारात स्त्री-पुरुषांनी वेगवेगळं बसावं असाही फतवा निघाला होता. पडद्यावर तेरुएलची इसाबेल चुंबनासाठी प्राण देतेय आणि खाली पोलीस बाकांचा हिशेब ठेवताहेत.

नावं कशी वाचायची?

'जे'चा उच्चार घशातून येणारा 'ह' किंवा 'ख', म्हणून हुआन आणि हिमेनो. दोन 'एल'चा 'य', म्हणून कास्तिया. माद्रिदकडचे लोक 'झेड'चा उच्चार जीभ दातांत धरून 'थ'सारखा करतात. मी सोयीसाठी 'स' लिहिलाय. कातालान नावांना हे नियम लागू नाहीत. तिथे 'जे' मऊ, आपल्या 'झ'च्या जवळ.

पाहायला कुठे मिळतील, आणि पाहताना काय सांभाळायचं?

माद्रिदची फिल्मोतेका एस्पान्योला (स्थापना १९५३) आणि बार्सेलोनाची फिल्मोतेका दे कातालुन्या या दोन सरकारी संस्थांकडे मुख्य साठा आहे आणि त्यांनी काही मूकपट इंटरनेटवर मोफत ठेवले आहेत. शोधताना नाव रोमन लिपीत, स्पॅनिशमध्येच टाका. माद्रिदला जाणं झालं तर फिल्मोतेकाचं सिने दोरे हे जुनं थिएटर चुकवू नका, बाजाराच्या गल्लीत आहे, तिकीट स्वस्त.

पाहताना लोक पळायला लागले, सगळे चार्ली चॅप्लिनसारखे टुणटुण चालताहेत असं दिसलं, तर दोष नटांचा नाही. सुरुवातीच्या काळात कॅमेरा हाताने फिरवायचे, सेकंदाला सोळा-अठरा चित्रं. तीच फिल्म कुणी आजच्या चोवीसच्या वेगाने चढवली की प्रेतयात्रासुद्धा धावत सुटते. प्लेअरमध्ये वेग पाऊणपट करा. मागे कुणीतरी चिकटवलेला आनंदी पियानो असेल तर आवाज बंद करा, हवं तर ब्रेतोन लावा. आणि घरात कुणी मोठं माणूस असेल तर शेजारी बसवून घ्या. पाट्या तुम्ही वाचा.